क्रीमच्या थराखाली पाणी साचणारा भाजलेला मासा: दोष कुठे आहे आणि तो कसा काढायचा

ट्रे ओव्हनमधून बाहेर येतो तेव्हा सगळं मनासारखं दिसत असतं. वर सोनेरी चुरा, कडेने खदखदणारा सॉस, घरभर कोळंबीचा वास. मग पहिला चमचा आत जातो आणि तळाशी पाणी दिसतं. पांढुरकं, पातळ, तुकडीच्या चारी बाजूंनी साचलेलं. वरचा क्रीमचा थर ताटात घेताना घसरून बाजूला पडतो आणि बरेचदा नासलेल्या दुधासारखा कणीदार झालेला असतो. कोळंबी रबरासारखी. आणि एवढ्या पाण्यात बसलेला मासा मात्र कोरडा, चोथ्यासारखा.

माझ्याकडे हे सलग तीन हिवाळे होत राहिलं. मी बॉस्टनच्या दक्षिणेला, किनाऱ्याजवळ राहते. इथे हा पदार्थ घरोघरी होतो: हॅडॉक किंवा कॉडची जाड तुकडी, तिच्यावर कोळंबी, खेकडा, स्कॅलप (एका शिंपल्याचा गोलसर, पांढरा गर) घातलेला दाट पांढरा सॉस आणि सगळ्यात वर लोण्यात कालवलेला खारट बिस्किटांचा चुरा. नाताळच्या आदल्या रात्री करतात, ईस्टरच्या आधीच्या उपासाच्या शुक्रवारी करतात. आमच्या ओळखीच्या मराठी घरांतही मुलांच्या हट्टाने तो होऊ लागला आहे आणि सगळ्यांची तक्रार हीच: पाणी सुटतं. अलीकडे पुण्या-ठाण्याच्या मैत्रिणींकडूनही तीच ऐकली, त्या बासा किंवा रावस घेऊन छोट्या ओटीजीत, म्हणजे टेबलावरच्या विजेच्या ओव्हनमध्ये, करतात. म्हणून हे सविस्तर लिहिते आहे.

मैदा वाढवू नका

पहिला सल्ला सगळीकडून एकच मिळतो: सॉस पातळ झाला असणार, मैदा वाढव. मीही वाढवला. दोन चमच्यांचे तीन केले, तिनाचे चार. वर पिठूळ खळ तयार झाली आणि खाली पाणी होतं तेवढंच राहिलं. मैदा ज्या द्रवात शिजतो तोच द्रव घट्ट करतो. तळाचं पाणी मुळात सॉसमधलं नसतंच. सॉस ओतून झाल्यावर, ओव्हनच्या आत, ते माशातून आणि कोळंबीतून सुटतं. सॉस वर असतो, पाणी खाली असतं, आणि दोघांची गाठ पडते ती वाढून घेताना.

बोंबील तळणाऱ्या कुणालाही हे वेगळं सांगायला नको. ओले बोंबील चिरून, मीठ लावून, पाट्याखाली दाबून ठेवतात. पाणी निथळून गेलं की मगच त्यांना रवा लागतो. पाणी सुटतंय तर रवा जाड लावा, असं कुणी म्हणत नाही. कालवणात मात्र सुटलेलं पाणी रश्शातच उतरतं आणि त्याची चव वाढवतं, त्यामुळे रोजच्या स्वयंपाकात आपल्याला त्याची दखल घ्यावी लागत नाही. या पदार्थात त्याला जायला जागा नाही. वर सॉसचं पांघरूण, खाली काचेचा ट्रे.

तेव्हा सांगायचं ते इतकंच: पाणी ओव्हनच्या आधी काढा, आणि मासा व सॉस यांची भेट शेवटच्या काही मिनिटांतच होऊ द्या. पुढचा सगळा मजकूर हे कसं करायचं याचा आहे.

पाण्याचा रंग बघा

पुढच्या वेळी पाणी साचलं की वैतागून ओतून देऊ नका. ट्रे तिरका करा, चमचाभर पाणी वाटीत काढा आणि उजेडात बघा. कुठून आलं ते बऱ्यापैकी कळतं.

जवळजवळ पारदर्शक पाणी आणि त्यात मऊ पांढरे कण असतील तर ते माशाचं. ते कण म्हणजे माशातली प्रथिनं, उष्णतेने अंड्याच्या पांढऱ्यासारखी गोठलेली. गुलाबी-केशरी झाक आणि गोडसर-खारट चव असेल तर कोळंबी किंवा खेकड्याचं. करडं-तपकिरी असेल तर मशरूमचं. पाणी दुधाळ असून वाटीत थोडा वेळ ठेवल्यावर बारीक कणी खाली बसत असेल, तर सॉस नासला आहे, आणि तिथे बहुधा काहीतरी आंबट गेलेलं असतं. वर पिवळ्या तुपाचे थेंब तरंगत असतील, तर सॉसमधली चरबी सुटली आहे: आच जास्त झाली किंवा चीज चुकीच्या वेळी पडलं. दोन कारणं एकत्रही असू शकतात. माझ्याकडे माशाचं पाणी आणि नासलेला सॉस असे दोन्ही दोष होते, आणि मी तीन वर्षं फक्त सॉसच दुरुस्त करत बसले होते.

मासा: निम्म्याहून अधिक दोष इथेच

कॉड, हॅडॉक यांच्यासारख्या पांढऱ्या माशात चरबी जवळजवळ नसते आणि वजनाचा सुमारे ८० टक्के भाग पाणीच असतो. कच्च्या माशात हे पाणी स्नायूंच्या जाळ्यात धरलेलं असतं. ४० अंश सेल्सिअसच्या पुढे ते जाळं आवळायला लागतं आणि ६० अंशांच्या पुढे तर पिळलेल्या फडक्यासारखं पाणी सोडतं. ताज्या, नीट शिजवलेल्या माशातूनही थोडं पाणी सुटणारच. ते चमचाभर आहे की वाटीभर, हा खरा प्रश्न.

वाटीभर सुटतं त्याचं पहिलं कारण गोठवणं. मासा सावकाश गोठला की आत बर्फाचे मोठे स्फटिक होतात, ते पेशी फाडतात आणि वितळल्यावर पाणी गळत राहतं. दुकानात बर्फावर मांडलेला, ताजा दिसणारा मासाही आधी गोठवलेला असू शकतो. इथे पाटीवर बारीक अक्षरात तसं लिहिलेलं असतं, ते वाचा. इथल्या मॅसेच्युसेट्स राज्याच्या प्रतिनिधीगृहात १७८४ पासून लाकडात कोरलेला कॉड टांगलेला आहे, एवढा हा मासा या भागाच्या जगण्याशी बांधलेला. पण जवळच्या, मेन राज्याच्या किनाऱ्याला लागून असलेल्या आखातातला कॉड अतिमासेमारीने आता फार कमी झाला आहे, आणि दुकानातला बराचसा आइसलँड-नॉर्वेकडून येतो. म्हणून मी बहुतेक वेळा हॅडॉक घेते. तो अजून जवळच्या समुद्रात मिळतो, ताजा मिळण्याची शक्यता जास्त, आणि ओळखायलाही सोपा: खांद्याजवळ बोटाच्या ठशासारखा काळा डाग आणि अंगावरून जाणारी काळी रेघ. कॉडची रेघ फिकट पांढरी असते.

गोठवलेलाच घेतला असेल तर तो आदल्या रात्री फ्रिजमध्ये, जाळीवर, खाली ताटली ठेवून वितळू द्या. गरम पाण्यात किंवा मायक्रोवेव्हमध्ये वितळवलेल्या तुकड्यांनी हा पदार्थ करू नका. कडा अर्धवट शिजतात, आत बर्फ राहतो, आणि तो बर्फ नंतर तुमच्या सॉसखाली वितळतो.

दुसरं कारण फॉस्फेट. पाणी धरून ठेवावं, वजन भरावं म्हणून काही गोठवलेल्या माशांना, कोळंबीला आणि विशेषतः स्कॅलपना सोडियम ट्रायपॉलिफॉस्फेटच्या द्रावणात बुडवतात. पाकिटावर ते नावाने किंवा ई४५१ अशा क्रमांकाने लिहिलेलं असतं. असा मासा तव्यावर टाकला की खरपूस होत नाही, स्वतःच्याच पाण्यात उकळतो. पाकिटावर घटकांमध्ये फक्त माशाचं नाव असेल तेच घ्या, एवढा एक नियम पाळला तरी फरक पडतो. बासा घेताना जास्त काळजी घ्या, कारण त्याच्यावर बर्फाचा लेपही जाड असतो. वितळल्यावर वजन करून पाहा, मग कळतं आपण बर्फ किती विकत घेतला. स्कॅलप तर बघूनही ओळखता येतात: द्रावणात न बुडवलेले किंचित पिवळसर किंवा गुलाबी झाकेचे आणि चिकट असतात, बुडवलेले पांढरेशुभ्र असतात आणि दुधाळ पाण्यात पडलेले दिसतात.

आता मीठ. अर्धा किलो माशाला एक सपाट चहाचा चमचा मीठ दोन्ही बाजूंनी लावा आणि तुकड्या जाळीवर ठेवून वीस मिनिटं फ्रिजमध्ये ठेवा. मीठ वरवरचं पाणी बाहेर ओढतं, मांस घट्ट करतं, आणि ते पांढरे गोठलेले कणही पुष्कळ कमी होतात. मग कागदी रुमालाने टिपा. एकदा नाही, दोनदा, आणि बाजूही टिपा. दुसरा कागद जवळजवळ कोरडा निघायला हवा. सॉसमधलं मीठ या हिशोबाने कमी करा. बोंबलासारखं वजन ठेवून दाबायची इथे गरज नाही, हॅडॉकची तुकडी दाबली तर पाकळ्या सुटतात.

आणि एक सवय आवर्जून सोडा. आपण मासे धुतले की हात आपोआप लिंबाकडे जातो, नाहीतर आगळाकडे. हळद, मीठ, लिंबू चोळून ठेवायचं, वास जातो. तळायला, कालवणाला ते बरोबरच आहे. इथे मात्र त्या लिंबाच्या तुकडीवर तुम्ही दूध-क्रीमचा सॉस ओतता आणि ओव्हनमध्ये गरम करता. पनीर करताना आपण नेमकं हेच करतो. माझा सॉस तीन वर्षं नासत होता तो यामुळे, आणि कुठल्याही पाककृतीत हे लिहिलेलं नव्हतं, कारण ती लिहिणाऱ्यांना ही सवय माहीतच नाही. लिंबू हवंच. ते वाढताना, फोडीच्या रूपात, ताटात. वास नको असेल तर मासा ताजा घ्या आणि मिठाच्या थंड पाण्यातून एकदा झटकन काढा, तेवढं पुरतं.

हे सगळं केल्यावरची पायरी सगळ्यात महत्त्वाची, आणि बहुतेक जण हीच गाळतात: तुकड्या आधी एकट्याच भाजा. ट्रेला लोण्याचा हात लावा, तुकड्या एकमेकींना न चिकटतील अशा मांडा, शेपटीकडचा पातळ भाग खाली दुमडा म्हणजे जाडी सारखी होईल. २०० अंशांवर तापलेल्या ओव्हनमध्ये, अडीच सेंटिमीटर जाडीच्या तुकडीला सहा-सात मिनिटं. बाहेर काढा. कडा पांढऱ्या, मध्ये अजून काचेसारखा. तळाशी जे पाणी दिसेल तेच नेहमी तुमच्या सॉसखाली साचत होतं. ट्रे तिरका करून ते एका वाटीत ओतून घ्या, फेकू नका. त्यात चव आहे, सॉसमध्ये ती आटवून घालायची आहे. ट्रेचा तळ कागदाने पुसा. आता मासा सॉससाठी तयार झाला.

कोळंबी, खेकडा आणि बाकीची मंडळी

कच्ची कोळंबी सॉसमध्ये ढवळून वरून ओतणं सोपं वाटतं, पण ती आपलं सगळं पाणी सॉसमध्ये सोडते आणि मासा शिजेपर्यंत आक्रसून रबर होते. मोठ्या कढईत लोणी चांगलं तापवा, टिपलेली कोळंबी एका थरात टाका, मिनिटभरात बाहेरून रंग बदलला की काढा. आत कच्ची राहू द्या, उरलेलं काम ओव्हन करेल. स्कॅलपही तसेच, मोठे असतील तर आधी चौकोनी तुकडे करून. कढईत जो रस उरेल त्यात माशाचं बाजूला काढलेलं पाणी घाला आणि मोठ्या आचेवर आटवा, दोन चमचे दाट द्रव उरेपर्यंत. वाइन घालत असाल तर तीही इथेच, आणि तिचा आंबटपणा मवाळ होईपर्यंत आटवायची. नंतर सॉसमध्ये ओतलेली वाइन म्हणजे पुन्हा नासण्याला निमंत्रण.

खेकड्याचं डब्यातलं किंवा घरी उकडून काढलेलं मांस मलमलीच्या फडक्यात घेऊन हलक्या हाताने पिळा. इथे मिळणाऱ्या लाल-पांढऱ्या नकली खेकड्याच्या कांड्या, ज्या मुख्यतः पोलॉक माशाच्या लगद्यात स्टार्च आणि साखर घालून करतात, त्या मी वापरत नाही. गरम झाल्यावर त्या मऊ पडतात आणि सगळा सॉस गोड होतो. मशरूम घालायचे तर आधी मीठ घालून परता. ते पाणी सोडतील, ते पाणी आटेल, आणि मग तेलात चुरचुरल्यासारखा आवाज येईल. तो आवाज येईपर्यंत ते तयार नाहीत. पालक असेल तर उकडून, दोन्ही हातांत गोळा धरून पिळा.

सॉस

चार माणसांना: ३० ग्रॅम लोणी, ३० ग्रॅम मैदा, २०० मिलिलिटर दूध, १०० मिलिलिटर क्रीम. लोण्यात मैदा मंद आचेवर दोन मिनिटं परता, रंग येऊ न देता. दूध गरम करून थोडं थोडं घाला आणि फेटत राहा. दाट झाल्यावर गॅस लगेच बंद करू नका. मैद्यातला स्टार्च उकळीच्या आसपासच पुरता फुलतो आणि नीट फुलला नाही तर ओव्हनमध्ये सॉस पुन्हा सैल पडतो, शिवाय कच्चट लागतो. दोन-तीन मिनिटं मंद खदखदू द्या. मग क्रीम, मग तो आटवलेला रस. चमच्यातून सॉस धारेने न पडता जड थेंबांनी पडला पाहिजे. मैद्याऐवजी कॉर्नफ्लोअर वापरू नका, जास्त वेळ तापल्यावर आणि ढवळल्यावर त्याची पकड सुटते.

क्रीमबद्दल भारतातल्या वाचकांनी विशेष लक्ष द्यावं. अमेरिकी पाककृतीत ज्याला हेवी क्रीम म्हणतात त्यात किमान ३६ टक्के स्निग्धांश असतो. भारतातल्या टेट्रापॅकमधल्या क्रीममध्ये साधारण २५ टक्के. क्रीम जितकं पातळ तितकं ते उष्णतेला आणि आंबटाला लवकर शरण जातं. त्यामुळे नुसतं क्रीम आटवून सॉस करायला सांगणारी पाककृती टेट्रापॅकने करू नका. मैद्याचा आधार घ्या आणि क्रीम शेवटी घालून उकळी टाळा. घरची साय चालते, पण आजची. तुपासाठी आठवडाभर साठवलेली साय हलकी आंबट झालेली असते आणि सॉस हमखास नासवते.

चीज घालायचं तर गॅस बंद करून, किसून, दोन वेळा मिळून मूठभर. उकळत्या सॉसमध्ये जुनं चीज टाकलं की त्यातलं तूप वेगळं होतं. ग्रुयेर हे स्विस चीज उत्तम, पण भारतातलं प्रोसेस्ड चीज या एका कामात खरोखर उपयोगी आहे, कारण त्यातले क्षार चरबी आणि पाणी धरून ठेवतात. चव साधी येते, सॉस मात्र फुटत नाही.

काही जण अंड्याच्या पिवळ्या बलकाने सॉस दाट करतात. ही न्यूबर्गची पद्धत. न्यू यॉर्कच्या डेल्मोनिको उपाहारगृहात १८७६ च्या सुमारास बेन वेनबर्ग नावाच्या खलाशी-व्यापाऱ्याने ती आणली, पुढे मालकाशी भांडण झालं म्हणून पदार्थाचं नाव अक्षरं उलटून न्यूबर्ग केलं, अशी कथा सांगतात. मूळचा न्यूबर्ग लॉबस्टरचा, चुलीवर, डोळ्यांसमोर करायचा आणि लगेच वाढायचा पदार्थ आहे. बलक आणि क्रीम एवढ्यावरच दाट केलेला सॉस २०० अंशांच्या ओव्हनमध्ये गेला की त्याची भुर्जी होते. बलक हवाच असेल तर मैद्याच्या सॉसमध्ये एक घाला, मैदा त्याला सांभाळून घेतो.

ओव्हनमधली शेवटची मिनिटं

अर्धवट भाजलेल्या, पुसलेल्या तुकड्यांवर गरम सॉस ओता. गरम, हे महत्त्वाचं. फ्रिजमधला गार सॉस ओतला तर तो तापेपर्यंत खालचा मासा पंधरा मिनिटं वाफेत बसतो आणि होतं नव्हतं ते पाणी सोडतो. आधी तयारी करून ठेवायची असेल तर मासा आणि सॉस वेगवेगळे ठेवा आणि सॉस पुन्हा तापवूनच ओता. मासा अर्धवट भाजून ठेवू नका, कच्चाच मीठ लावून टिपून ठेवा.

थर बोटाच्या पेऱ्याच्या निम्म्याहून जाड नको. कोळंबी-खेकडा सॉसमध्ये मिसळून शेवटी वर पसरा, त्यावर चुरा. इथे यासाठी रिट्झ बिस्किटं चुरडतात, ती १९३४ पासून मिळतात आणि न्यू इंग्लंडच्या, म्हणजे अमेरिकेच्या या ईशान्य भागातल्या, भाजलेल्या माशावर पक्की बसली आहेत. ब्रेडचा जाडसर चुरा लोण्यात परतून घातला तरी तितकाच चांगला. ओव्हनच्या वरच्या फळीवर पाच ते सात मिनिटं, आणि चुरा फिका वाटला तर शेवटी एक मिनिट फक्त वरची आच. फॉइलने झाकू नका. झाकलं की वाफ अडते, थेंब होऊन परत सॉसवर पडते, आणि चुरा भिजतो.

दर इंच जाडीला दहा मिनिटं, हा माशाचा जुना नियम मूळचा कॅनडाचा. तो उघड्या माशासाठी ठीक आहे. सॉस पांघरल्यावर तो चालत नाही, आणि म्हणूनच लोक घड्याळ बघून पाच मिनिटं, अजून पाच मिनिटं करत मासा सुकवतात. सुईचा थर्मामीटर घ्या. अमेरिकी सरकारची सुरक्षित मर्यादा ६३ अंश सेल्सिअस आहे. मी तुकडीच्या मध्यभागी ६० दिसले की ट्रे बाहेर काढते, गरम सॉसखाली तीन-चार मिनिटांत उरलेले अंश चढतात, आणि वाढण्यापूर्वी एकदा पुन्हा सुई घालून ६३ झाल्याची खात्री करते. घरात गरोदर बाई, लहान मूल किंवा आजारी माणूस असेल तर ओव्हनमध्येच ६३ होऊ द्या. ७० च्या पुढे गेलेला मासा कुठल्याही सॉसने ओलसर होत नाही.

ओटीजी असेल तर त्याच्या बटणावरच्या आकड्यावर फार विसंबू नका. छोट्या ओव्हनमध्ये तापणाऱ्या काड्या ट्रेच्या अगदी जवळ असतात, वरचा चुरा करपतो आणि खाली मासा कच्चा राहतो. पहिल्या भाजण्याला ट्रे मध्ये आणि दोन्ही काड्या, दुसऱ्याला फक्त वरची काडी आणि ट्रे एक घर खाली. आतमध्ये लटकवायचा स्वस्त थर्मामीटर मिळतो, तो एकदा घ्या. माझ्या एका मैत्रिणीच्या ओव्हनमध्ये २०० वर लावल्यावर आत १६५ निघाले. तिचा मासा भाजला जातच नव्हता, उकडत होता.

ट्रे उथळ घ्या. खोल काचेच्या भांड्यात तुकड्या दाटीवाटीने बसवल्या की वाफेला कडेनेही वाट राहत नाही.

पाहुणे बसलेत आणि पाणी दिसलंच तर

ट्रेचा एक कोपरा घडी केलेल्या फडक्यावर उचलून पाच मिनिटं ठेवा. पाणी खालच्या कोपऱ्यात जमतं, ते चमच्याने काढा, छोट्या कढईत मोठ्या आचेवर आटवा, चमचाभर क्रीम घाला आणि वाढताना वरून थोडं सोडा. कुणाला काही कळत नाही आणि चव वाया जात नाही.

सॉस ओतण्याआधी पातेल्यातच तेलकट दिसायला लागला तर घाबरू नका: गॅसवरून उतरवा, दोन चमचे थंड दूध घालून जोरात फेटा, बहुतेक वेळा तो परत एकजीव होतो. आंबटाने नासलेला मात्र जुळत नाही. तो गाळून, मिक्सरमधून काढून खपवण्याचा प्रयत्न मी केला आहे, वाळूसारखा लागतो. नवा सॉस करायला दहा मिनिटं लागतात, तो करा.

तळाशी ब्रेडचा चुरा पसरून त्यावर मासा ठेवण्याची युक्तीही पुष्कळ जण सांगतात. पाणी शोषलं जातं हे खरं, पण चुऱ्याचा लगदा होतो आणि माशाची चव त्यातच जाते. वेळ अजिबात नसेल तेव्हाच.

महाराष्ट्रात कोणता मासा

जाड, पांढरा, पाकळ्या सुटणारा हवा. रावस चांगला, जिताडा फार चांगला, तांबोशीही चालते. कोळिणीकडून मधल्या भागाचे, काटा काढलेले जाड काप करून घ्या. पापलेट मला यासाठी वाया घालवल्यासारखं वाटतं, ते पातळ असतं आणि सहा मिनिटांत होऊन जातं, त्याला वर सॉसची गरजच नाही. सुरमईची चव सॉसशी भांडते. बासा घ्यायचाच तर मीठ लावून वीस ऐवजी तीस मिनिटं ठेवा आणि एकटा भाजताना जे पाणी निघेल ते आटवण्याच्या फंदात पडू नका, त्यात चव फारशी नसते, टाकून द्या.

दूध आणि मासा एकत्र नको, असं आमच्या घरीही मानायचे. आईला मी हा पदार्थ कधी आग्रहाने वाढला नाही. तिच्यासाठी त्याच तुकडीला लोणी, लसूण, मिरी लावून सॉसशिवाय भाजते, आणि पाण्याचं वरचं सगळं गणित तिथेही लागू पडतं.

उरलं तर दुसऱ्या दिवशी मायक्रोवेव्हमध्ये फिरवू नका, राहिलेलं पाणीही त्यात सुटतं. १५० अंशांच्या ओव्हनमध्ये, यावेळी झाकून, वाफा येईपर्यंत तापवा. किंवा काट्याने मासा मोडून सॉसमध्ये कालवा, भाजलेल्या पावावर जाड पसरा आणि वरच्या आचेखाली कडा लाल होईपर्यंत धरा. आमच्याकडे मुलं आदल्या रात्री मुद्दाम एक तुकडी शिल्लक ठेवायला सांगतात.